तलवार दिसते, कातडे दिसत नाही

जपानी चित्रपटांतील एकटा, बेदखल, तलवार उपसून शेकडोंना अंगावर घेणारा सामुराई आपल्या चळवळीतील काही तरुण मित्रांना फार जवळचा वाटतो. एखाद्या फिल्म सोसायटीत असा चित्रपट झाला, की चर्चेत कोणीतरी उठून म्हणतो, 'हा तर आपलाच माणूस!' समाजाने झिडकारलेला, न्याय मागायला गेला तर गुन्हेगार ठरलेला, म्हणून तो आपला. ही भावना मला समजते. पण भावना समजणे वेगळे आणि ती मान्य करणे वेगळे. या माणसाचे दुःख कोणत्या पायरीवरचे आहे आणि त्याच्या तलवारीखाली कोण पडते, हे विचारल्यावाचून त्याला आपल्या पंगतीत बसवणे मला धोक्याचे वाटते. त्यासाठी या तलवारपटांच्या मुळाशी, म्हणजे मूकपटांच्या काळात जावे लागते.

सुरुवात क्योतो शहरात झाली. तेथे सेनबोन-झा नावाचे नाटकगृह चालवणारा माकिनो शोझो १९०८ साली चित्रपट काढू लागला. पुढल्याच वर्षी त्याने एका फिरत्या काबुकी मंडळीतला नट पडद्यावर आणला. हा ओनोए मात्सुनोसुके. त्याच्या मोठाल्या डोळ्यांवरून लोकांनी त्याला 'डोळेवाला मात्सु' असे लाडके नाव दिले. १९२६ साली तो वारला तोवर त्याच्या नावावर हजाराच्या घरात चित्रपट जमा झाले होते. त्यांपैकी आज हाताच्या बोटांवर मोजण्याइतकेच उरले आहेत. जे उरले ते पाहताना कळते, की तो काबुकीच आहे, फक्त समोर कॅमेरा मांडलेला. कॅमेरा जागचा हलत नाही, स्त्रियांच्या भूमिका पुरुष करतात, नायक डोळे वटारून क्षणभर थिजतो आणि मग पुन्हा हात चालवतो. तलवार अंगाला लागत नाही, हवेतून फिरते. माणसे कोलांट्या घेऊन पडतात. मालकाशी इमान, शत्रूचा सूड, सत्तेचाळीस स्वामिनिष्ठ सामुराई, हे विषय. त्यात कोणाला वेदना होत नाही. मला या चित्रपटांविषयी फारसे सांगायचे नाही. सरंजामशाही मेल्यावर तिची जी शोभायात्रा निघते, ती सर्वच देशांत अशीच निघते.

बदल झाला तो १९२० नंतर. सावादा शोजिरो याने १९१७ मध्ये काढलेल्या 'शिनकोकुगेकी' या नाटकमंडळीने रंगभूमीवर खऱ्यासारखी दिसणारी, दमछाक करणारी तलवारबाजी आणली होती. तिचा वेग पडद्याने उचलला. तलवारींच्या खणखणाटाच्या अनुकरणशब्दावरून या चित्रपटांना 'चांबारा' हे नाव पडले. आपल्या कानाला तो शब्द भलताच ओळखीचा वाटतो. अर्थाने काहीच संबंध नाही, पण हा लेख लिहिताना तो शब्द मला सारखा टोचत राहिला, हे सांगून टाकतो.

या नव्या पिढीचा मोठा नट म्हणजे बांदो त्सुमासाबुरो. जन्म १९०१, मृत्यू १९५३. तोक्योतील एका कापूस व्यापाऱ्याचा हा मुलगा काबुकीत उमेदवारी करायला गेला. पण काबुकीत मोठी भूमिका मिळते ती घराण्यावर. नाव बापाकडून मुलाकडे जाते, भूमिकाही तशीच जाते. ज्याला घराणे नाही त्याने मागच्या रांगेत उभे राहायचे. तो तेथून बाहेर पडला, चित्रपटात शिरला, १९२५ साली त्याने स्वतःची कंपनी काढली आणि त्याच वर्षी 'ओरोची' केला. दिग्दर्शक फुतागावा बुन्तारो, लेखक सुसुकिता रोकुहेई. हा चित्रपट जवळजवळ संपूर्ण स्वरूपात टिकला आहे. तो मी दोनदा पाहिला, आणि माझे सगळे आक्षेप कायम ठेवून सांगतो, की तो थोर आहे.

नायक हेइझाबुरो खालच्या दर्जाचा सामुराई आहे, एका विद्वान गुरूच्या घरी शिकणारा. गुरूच्या वाढदिवशी मेजवानी असते. वरच्या घरचा एक मुलगा सर्वांसमक्ष त्याचा अपमान करतो, झटापट होते, आणि दोष मात्र हेइझाबुरोवर येतो. कारण तो खालचा आहे. पुढे गुरूच्या मुलीविषयी वाईट बोलणाऱ्यांशी तो भांडतो तर ती मुलगीच त्याला चुकीचे समजते. त्याला हाकलून देतात. तो गावोगाव भटकतो. ज्या ज्या ठिकाणी तो चांगले करायला जातो त्या त्या ठिकाणी त्याच्या कपाळावर 'बदमाश' हा शिक्का अधिक खोल उमटतो. तुरुंग होतो. शेवटी ज्या 'उदार' दादाच्या घरी आसरा मिळतो तो दादाच आतून स्त्रियांची अब्रू लुटणारा निघतो. त्याच दादाच्या तावडीत गुरूची मुलगी आणि तिचा आजारी नवरा सापडतात. हेइझाबुरो दादाला मारतो, त्या दोघांना वाचवतो, आणि मग बाहेर सरकारी शिपायांचा वेढा पडतो.

यानंतरची लढाई जगाच्या चित्रपटांत अजोड आहे. तीत ऐट नाही. हेइझाबुरो धापा टाकतो. मूठ हाताला अशी चिकटते, की बोटे उलगडून काढावी लागतील असे वाटते. केस सुटलेले, डोळे भिरभिरलेले. शिपाई दोर टाकतात, शिड्या घेऊन येतात, काटेरी आकड्यांच्या काठ्या घेऊन येतात. रानडुकराला घेरावे तसे माणसाला घेरतात. अखेर तो दोरखंडांनी बांधला जातो आणि रस्त्यातून नेला जातो. दुतर्फा जमलेले लोक त्याला शिव्या देतात. ज्या दोघांना त्याने वाचवले ती दोघे तेवढी हात जोडून उभी असतात. मात्सुनोसुकेच्या पडद्यावर तलवार म्हणजे दागिना होता. येथे ती एका घाबरलेल्या माणसाचे हत्यार होते. मूकपट असल्यामुळे जपानमध्ये पडद्याशेजारी निवेदक उभा राहून सगळ्यांची बोलणी बोलत असे. त्याला 'बेन्शी' म्हणत. त्यांची ही कला मात्सुदा शुन्सुई आणि त्यांच्या शिष्या सावातो मिदोरी यांनी पुढे जिवंत ठेवली. निवेदकासह 'ओरोची' पाहिला तर शेवटची वीस-पंचवीस मिनिटे छातीवर दगड ठेवल्यासारखी जातात.

चित्रपटाच्या आरंभीच एक विचार मांडला आहे. ज्यांना जग दुष्ट म्हणते ते सगळे दुष्ट नसतात आणि ज्यांना सज्जन म्हणून मान मिळतो त्यांतले कित्येक मुखवटे असतात, असा त्याचा आशय. या चित्रपटाचे मूळ नाव 'बुराइकान', म्हणजे बदमाश, उडाणटप्पू असे होते. सरकारी परिनिरीक्षकांना ते खपले नाही. दृश्ये कापली गेली, नाव बदलून 'ओरोची', म्हणजे महासर्प, असे झाले. बदमाश कोणाला म्हणावे हा सरकारचा अधिकार आहे; तो एका चित्रपटाने आपल्या हाती घ्यावा हे सरकारला कसे चालेल?

येथवर तरुण मित्रांचे म्हणणे मला मान्य आहे. पुढे माझा रस्ता वेगळा होतो.

त्या शेवटच्या लढाईत पडणारी माणसे कोण आहेत? चित्रपट त्यांना चेहरा देत नाही. ती कंदील घेऊन धावत येतात, पडतात, त्यांच्या जागी दुसरी येतात. तोकुगावा राजवटीत पकडापकडी, कैद्यांवर पहारा, गुन्हेगाराची धिंड, वधस्तंभावरचे काम, प्रेतांची विल्हेवाट ही कामे अनेक ठिकाणी समाजाने 'एता' आणि 'हिनिन' ठरवलेल्या जातींकडून करून घेतली जात. 'एता' या शब्दाच्या लिपिचिन्हांचा अर्थच 'पुष्कळ विटाळ' असा होतो. 'हिनिन' म्हणजे माणूस नव्हे तो. हुकूम वरच्याने द्यायचा, हात खालच्याचे मळवायचे आणि मग मळलेल्या हाताचा विटाळ मानायचा. ही रीत आपल्याला कोणी शिकवायला नको. तेव्हा हेइझाबुरो आपला संताप ज्यांच्यावर काढतो ती माणसे त्याच्याही कितीतरी खालची असण्याचा संभव आहे. ज्या घराण्याच्या पोराने त्याचा अपमान केला ते घराणे शेवटपर्यंत सुरक्षित राहते. त्या दिवाणखान्यावर तलवार चालत नाही.

आणि तलवार तरी एकटी असते काय? चिलखताचे कातडे, घोड्याचे जीन, धनुर्धराचे हातमोजे, ढोलाचे चामडे कोण कमावत असे? सरंजामदार आपल्या किल्ल्याच्या गावाजवळ कातडे कमावणाऱ्यांच्या वस्त्या मुद्दाम वसवीत, कारण त्यांच्यावाचून युद्ध अडत असे. नव्या तलवारीची धार पाहायची तर ती देहदंड झालेल्याच्या प्रेतावर चालवून पाहत. ते प्रेत आणणे, बांधणे, उचलणे हे काम याच लोकांचे. धार पाहण्याचे काम वंशपरंपरेने करणारे यामादा आसाएमोन हे घराणे तलवारीत निपुण, तरी त्यांना शोगुनच्या पदरी नियमित चाकर म्हणून घेतले नाही. ते रोनिनच राहिले. मृत्यूचा विटाळ तलवारबाजालाही लागतो, फक्त त्याला तो परवडतो. मूकपटांतल्या एवढ्या तलवारी मी पाहिल्या, त्यांत कातडे कमावणारा माणूस मला कोठे भेटला नाही. समीक्षकांनी नायकाच्या एकाकीपणावर पुस्तके लिहिली. त्याचे जीन कोणी शिवले, असा प्रश्न त्या पुस्तकांना पडत नाही.

याहून विलक्षण गोष्ट पुढेच आहे. पडद्यावर सामुराई होणारे हे नट मुळात कोण? काबुकीच्या नटांना एके काळी 'नदीकाठचे भिकारी' म्हणत. नदीच्या कोरड्या पात्रात, जेथे कर बसत नाही आणि प्रतिष्ठित राहत नाहीत, तेथे त्यांचे खेळ चालत. एदो शहरात एता जातीच्या प्रमुखाला दानझाएमोन ही वंशपरंपरागत पदवी असे आणि खेळ करणाऱ्यांवर त्याचा अधिकार चाले. १७०८ साली एका बाहुल्यांच्या खेळावरून तंटा झाला, प्रकरण सरकारदरबारी गेले आणि दानझाएमोन हरला. काबुकीच्या नटांनी आनंद साजरा केला. प्रसिद्ध नट दुसरा इचिकावा दानजुरो याने त्या खटल्याची हकीकत जपून ठेवली. १७१३ साली त्याने 'सुकेरोकु' हे नाटक केले. त्यातील दाढीवाला, श्रीमंत खलनायक दानझाएमोनवरून बेतला असल्याचे परंपरेने सांगितले जाते.

हे वाचून मी बराच वेळ थांबलो. नट वर चढले, पण कसे? ज्याच्याबरोबर आपली गणना होते त्याच्यापासून अंग काढून घेऊन. पायाखालची पायरी अधिक घट्ट करून. बाबासाहेबांनी जिला श्रेणीबद्ध विषमता म्हटले तिचे याहून नेटके उदाहरण सापडणे कठीण. वरच्याविरुद्ध सगळे खालचे एक होत नाहीत, कारण प्रत्येकाला आपल्याखाली कोणीतरी हवा असतो. आणि दोनशे वर्षांनी त्याच नटांचे वारस पडद्यावर सामुराई होऊन लोकांची मने जिंकतात. घराणे नसलेला बांदो त्सुमासाबुरो काबुकीबाहेर फेकला गेला तो याच, आता प्रतिष्ठित झालेल्या, घराण्यांच्या भिंतीवरून.

सामुराई वर्गाच्या अस्ताविषयीही थोडे बोलले पाहिजे. बाबासाहेबांनी १९४५ साली 'काँग्रेस आणि गांधी यांनी अस्पृश्यांसाठी काय केले' या इंग्रजी ग्रंथात जपानच्या सत्ताधारी वर्गाचा दाखला दिला आहे. राष्ट्रासाठी त्या वर्गाने आपले विशेषाधिकार सोडले, आपल्याकडचा सत्ताधारी वर्ग काय करतो आहे, असा त्यांचा रोख होता. आपल्याकडच्यांना तो आरसा होता आणि आजही तो त्यांच्यासमोर धरता येतो. पण जपानच्या बाजूने पाहिले तर हिशोबाची दुसरी वहीही उघडावी लागते. १८७६ साली सामुराईंची तलवार बाळगण्याची मुभा गेली, तनखे गेले. त्या तनख्यांच्या बदली त्यांना सरकारी कर्जरोखे मिळाले. एता-हिनिनांना मुक्त करणारा हुकूम १८७१ मध्ये निघाला. नावे रद्द झाली, धंदा आणि दर्जा इतरांसारखाच राहील असे जाहीर झाले. त्याबरोबर कातड्याच्या धंद्यावरचा त्यांचा परंपरेचा एकाधिकारही गेला. त्याची भरपाई कोणी दिली नाही. त्यांच्या नोंदी 'नवे सामान्यजन' म्हणून झाल्या, आणि त्या 'नवे' शब्दात जुने सगळे शाबूत राहिले.

त्या हुकुमाची तारीख इंग्रजी पंचांगाने १२ ऑक्टोबर १८७१ अशी येते. त्याच दिवशी, १२ ऑक्टोबर १८७१ रोजी, हिंदुस्थानात गुन्हेगार जमाती कायद्यावर गव्हर्नर जनरलची मोहोर उठली. तो आधी उत्तरेत लागू झाला, पुढे पसरत गेला आणि १९५२ मध्ये रद्द होईतो आपल्या पारधी, कैकाडी, भामटा बांधवांना जन्मतःच चोर ठरवीत राहिला. एका देशात कागदावर कलंक पुसला गेला, दुसऱ्यात त्याच दिवशी कागदावर कलंक लिहिला गेला. हेइझाबुरो पंचविशीत बदमाश ठरतो म्हणून आपल्या डोळ्यांत पाणी येते. पाळण्यात बदमाश ठरलेल्याचा तलवारपट अजून कोणी काढलेला नाही.

इतो दाइसुके हा त्या काळातला मला सर्वांत प्रामाणिक वाटणारा दिग्दर्शक. १९२७ मध्ये त्याने 'चुजीच्या प्रवासाची रोजनिशी' तीन भागांत काढली. नायक कुनिसादा चुजी हा एकोणिसाव्या शतकातला खराखुरा जुगारी, दुष्काळात गरिबांना मदत केल्याच्या दंतकथा ज्याच्याभोवती जमल्या आणि ज्याला अखेर वधस्तंभावर चढवले. ओकोची देन्जिरोने तो उभा केला. चित्रपट कायमचा हरवला असे समजले जात होते, पण १९९१ मध्ये हिरोशिमात त्याचे काही भाग सापडले. शेवटी चुजीला पक्षाघात होतो. तलवार धरणारा हात लुळा पडतो. त्याची मैत्रीण पिस्तूल घेऊन दारात उभी राहते आणि हा अंथरुणावर पडून पाहतो. तलवारबहाद्दराकडून तलवारच काढून घेतल्यावर उरतो तो माणूस, असे इतोला म्हणायचे असावे. त्याच वर्षी त्याने 'गेरो' काढला. गेरो म्हणजे हलका नोकर. सामुराई धनी आपली कातडी वाचवण्यासाठी इमानी नोकराला शत्रूच्या हवाली करतो, अशी गोष्ट. १९५५ साली इतोने ती पुन्हा चित्रित केली, म्हणजे ती त्याला सोडत नव्हती. स्वामिनिष्ठेची किंमत कोण चुकवतो हे इतक्या थेट सांगणारा दुसरा दिग्दर्शक त्या पिढीत मला दिसत नाही.

१९२९ च्या 'झानजिन झानबा केन' मध्ये तर इतोचा रोनिन बापाच्या खुन्याला शोधता शोधता पिळल्या गेलेल्या शेतकऱ्यांच्या बाजूने उभा राहतो. २००२ मध्ये त्याचा सुमारे सव्वीस मिनिटांचा तुकडा हाती लागला. घोडे, धूळ, धावणारा कॅमेरा, उठलेली माणसे. तो पाहून रक्त उसळते. डाव्या वळणाच्या या चित्रपटांवर पुढे परिनिरीक्षकांनी आणि युद्धखोर राजवटीने पाणी ओतले. तरीही एक शंका विचारतो. उठाव करणारे शेतकरी म्हणजे सर्व शोषित, असे हा चित्रपट गृहीत धरतो. १८७३ साली मिमासाका प्रांतात शेतकरी खरोखरच सरकारविरुद्ध उठले. सक्तीची लष्करभरती हे त्यांचे मुख्य दुखणे होते. त्या उठावात त्यांनी नव्याने मुक्त झालेल्या पूर्वीच्या एतांच्या वस्त्या जाळल्या, माणसे मारली. ही माणसे आता आपल्याला वाकून राहत नाहीत, हा राग होता. वर्गाच्या भाषेत हा प्रसंग सांगता येत नाही. इतोसारख्या दिग्दर्शकाच्या कॅमेऱ्यातही त्याला जागा मिळाली नाही. आपल्याकडच्या डाव्या मित्रांशी आपले जे भांडण आहे ते येथे जपानी वेषात उभे आहे.

आता १९२२ कडे परत जाऊ. त्या वर्षी ३ मार्चला, क्योतोमध्येच, ओकाझाकी येथील सार्वजनिक सभागृहात बुराकू समाजाने 'सुइहेइशा' ही संघटना स्थापन केली. काळ्या कापडावर लाल काटेरी मुकुट हा त्यांचा ध्वज. साइको मानकिची याने लिहिलेल्या जाहीरनाम्याने दयेची भीक नाकारली आणि ज्या शब्दाने आजवर हिणवले तोच शब्द अभिमानाने उच्चारण्याची भाषा केली. 'दलित' हा शब्द ज्यांनी छातीवर घेतला त्यांना ही भाषा समजावून सांगावी लागणार नाही. तीन वर्षांनी 'ओरोची' आला. त्याच शहराच्या आसपास, त्याच हवेत. दोघांचाही प्रश्न एकच होता : मला नाव ठेवण्याचा अधिकार तुला कोणी दिला? पण हेइझाबुरो एकटा आहे. त्याला संघटना सुचत नाही, कारण त्याला परत वर जायचे आहे. गुरूच्या घरी, मेजवानीतल्या आपल्या जागेवर. ती जागा मुळात आहेच कशी, हे त्याच्या मनात येत नाही. सुइहेइशाच्या सभागृहात जमलेल्यांना परत जायला जागाच नव्हती.

म्हणून तरुण मित्रांना मी 'ओरोची' पाहू नका असे म्हणत नाही. जरूर पाहा, आणि त्यानंतर आणखी दोन चित्रपट एकापाठोपाठ पाहा. इचिकावा राइझो हा १९६० च्या दशकातला लोकप्रिय तलवारनट. १९६६ मध्ये त्याने 'ओरोची'ची नवी आवृत्ती केली, तनाका तोकुझोच्या दिग्दर्शनाखाली. त्याआधी १९६२ मध्ये त्याने इचिकावा कोनच्या 'हाकाइ' मध्ये काम केले होते. शिमाझाकी तोसोनच्या १९०६ च्या कादंबरीवरचा हा चित्रपट. नायक उशिमात्सु हा शाळामास्तर, बापाच्या आज्ञेवरून आपली बुराकू जात लपवून जगणारा. अखेरीस तो वर्गात आपल्या विद्यार्थ्यांपुढे आपण कोण आहोत हे सांगतो. कादंबरीत तर तो त्यांच्यापुढे गुडघे टेकून, आजवर लपवल्याबद्दल क्षमा मागतो, आणि बुराकू चळवळीतील अनेकांना ते गुडघे टेकणे कधीच पटले नाही. नट एकच. एका चित्रपटात त्याच्या हाती तलवार आहे आणि अंगावर चाल करून येणारी शेकडो माणसे आहेत. दुसऱ्यात खडू आहे, समोर बाकांवर बसलेली मुले आहेत, आणि तोंडातून एक वाक्य बाहेर काढायला त्याला सबंध चित्रपट लागतो.